जिंकलेला दावा अपिलात मिटवला: जिल्हा कोर्टाच्या मध्यस्थी केंद्राचा रिव्ह्यू

पाचपैकी चार स्टार. जिल्ह्याचं नाव मुद्दाम लिहीत नाही, कृष्णाकाठचा भाग एवढं पुरे, कारण ज्याच्यासाठी एक स्टार कापलाय तो दोष केंद्राचा नाहीच खरं तर, अर्धा आमच्या वकीलसाहेबांचा आणि अर्धा आमचाच, आणि ते साहेब अजून त्याच कोर्टात रोज भेटतात.

आधी मॅटर काय ते सांगतो नाहीतर पुढचं कळणार नाही. आजोबांच्या वेळची विहीर, सातबाऱ्यावर सामाईक, आठ आणे आमचे वडील अण्णा यांचे आणि आठ आणे चुलते तात्यांचे. २०११ ला तात्यांनी विहिरीच्या मोटरच्या स्टार्टरच्या पेटीला कुलूप लावलं. अण्णांनी दावा टाकला, तात्या आणि त्यांचे दोन मुलगे यांनी विहिरीच्या वापराला हरकत करू नये म्हणून कायम मनाईचा. २०१७ ला खालच्या कोर्टात आम्ही जिंकलो. गावात पेढे वाटले. तात्यांनी तीस दिवसांच्या आत जिल्हा कोर्टात अपील टाकलं. आता अपील टाकलं म्हणून खालचा हुकूम आपोआप थांबत नाही, स्टे वेगळा मागावा लागतो, तर तोही त्यांनी मागितला आणि 'जैसे थे' मिळालं, आणि आमच्याकडे जैसे थे म्हणजे कुलूप. म्हणजे पेढे खाऊन झाले आणि ऊस वाळतोच आहे.

मग कोरोनाची दोन वर्षं गेली. मधेच २०२० ला तात्यांचा थोरला मुलगा वारला, त्याचे वारस रेकॉर्डवर आणायचे, त्यात तारखा. (वारस ९० दिवसात आणावे लागतात, नाहीतर त्या माणसापुरतं अपील पडतं, हे लक्षात ठेवा. तात्यांच्या वकिलांनी ते वेळेत केलं, नाहीतर वेगळंच रामायण झालं असतं.)

मला सगळ्यात जास्त विचारला गेलेला प्रश्न म्हणजे जिंकलेले होता ना, मग मिटवलं कशाला? आमचे मेव्हणे तर अजून तोंड वाकडं करतात. साधं गणित आहे. अपील आम्ही जिंकलो असतो तर तात्या सेकंड अपिलाला मुंबई हायकोर्टात गेले असते, तिथे कायद्याचा महत्त्वाचा मुद्दा असेल तरच ऐकतात हे खरं पण तो मुद्दा आहे की नाही हे ठरायलाच किती वर्षं जातील ते कोणी सांगत नाही. आणि अण्णा तेव्हा ७४ वर्षांचे. पण हे झालं वयाचं आणि तारखांचं, खरं कारण मला केंद्रात बसल्यावर कळलं, ते खाली येतं.

आधी लोकअदालतीत एकदा बसलो होतो. तिथे गर्दी फार, बँकांची वसुली, लाईटबिलं, चेक बाउन्स, पॅनलसमोर आमच्या वाट्याला दहा मिनिटं आली असतील, त्यात तात्या आठ मिनिटं आजोबांपासून बोलले. पैशाच्या आकड्यावर अडलेलं मॅटर असेल, म्हणजे दीड लाख का एक लाख वीस, तर लोकअदालत झकास. तिथला निवाडा डिक्रीसारखाच, म्हणजे कोर्टाच्या हुकूमनाम्यासारखाच असतो, त्यावर अपील नाही, कोर्ट फी परत मिळते. पण विहिरीच्या भांडणाला दहा मिनिटं पुरत नाहीत.

मग २०२४ च्या सुरुवातीला नवीन जज आले, त्यांनी एका तारखेला फाईल चाळली आणि दोन्ही वकिलांना विचारलं, हे सख्खे भाऊ आहेत ना? आणि प्रकरण मध्यस्थीला पाठवलं. दिवाणी प्रक्रिया संहितेचं कलम ८९, २००२ पासून आत्ताच्या स्वरूपात आहे, फक्त दाव्याला नाही तर अपिलालाही वापरता येतं हे आमच्या गावात कुणाला माहीत नव्हतं. मुदत ६० दिवस, लागली तर कोर्ट अजून ३० दिवस वाढवून देतं. फी शून्य. मी दोनदा विचारलं, मध्यस्थांना काही द्यायचं असतं का, तर तिथले क्लार्क हसले, म्हणाले काही नाही, त्यांचं मानधन परस्पर होतं.

जागेबद्दल. कोर्टाच्या जुन्या इमारतीच्या मागच्या बाजूला एक खोली, गोल टेबल, सात-आठ खुर्च्या, एक पंखा जो फिरतो पण वारा देत नाही. डायस नाही, पुकारा नाही, पट्टेवाला ओरडत नाही. गोल टेबलाचा फायदा असा की कुणी समोरासमोर येत नाही, पण तोटा असा की अण्णा आणि तात्या शेजारी शेजारी आले आणि दोघांनी खुर्च्या इतक्या लांब सरकवल्या की मधे मला बसावं लागलं. बाहेर पाण्याचा फिल्टर आहे, चालू आहे. पार्किंग नाही. अर्धा पॉइंट त्याला कापायला पाहिजे होता पण ठीक आहे.

मध्यस्थ म्हणून एक सीनियर वकीलबाई होत्या, ट्रेनिंग घेतलेल्या. त्यांनी पहिल्यांदा जे सांगितलं ते महत्त्वाचं आहे, मी निकाल देणार नाही, कोण खरं कोण खोटं हे माझं काम नाही, इथे बोललेलं कोर्टात वापरता येत नाही, आणि जमलं नाही तर मी कोर्टाला एवढंच कळवणार की जमलं नाही, कुणामुळे ते लिहिणार नाही. हे ऐकल्यावर तात्या जरा सैल झाले. कारण तोपर्यंत त्यांच्या वकिलांनी त्यांना 'एक अक्षर कबूल करायचं नाही' असं पढवून आणलेलं.

एकूण पाच बैठका झाल्या. पहिली वाया गेली, सगळं जुनं उकरण्यात. दुसऱ्या बैठकीत बाईंनी आम्हाला वेगवेगळं बसवलं, आधी तात्यांना आत, आम्ही बाहेर, मग उलट. आमची पाळी आली तेव्हा त्यांनी कागद पुढे केला आणि अण्णांना म्हणाल्या, काका, मला तुमचं शेत काढून दाखवा. अण्णांनी काढलं. विहीर, खालचं रान, वरचं रान. मग बाईंनी विचारलं, वरच्या रानात ट्रॅक्टर कुठनं जातो?

अण्णा गप्प. मग म्हणाले, जात न्हाई. बैलं होती तवर जायची, आता बैलं न्हाईत.

तेरा वर्षं केस चालली, साक्षीपुरावे झाले, उलटतपास झाला, ट्रॅक्टर कुठून जातो हे कुणी विचारलं नव्हतं, कारण आमच्या दाव्यात रस्त्याचा शब्दच नव्हता. दावा विहिरीचा. जज विहिरीवरच निकाल देणार. वरच्या रानाला जायला तात्यांच्या दुसऱ्या गटाच्या बांधावरून वाट पाहिजे होती आणि ती मागायचं आमच्या डोक्यातच आलं नव्हतं, म्हणजे तात्यांकडे मागणार कोण, कुलूप लावणाऱ्या माणसाकडे! तर हे ते खरं कारण. आम्ही अपील जिंकलो असतो, सेकंड अपील पण जिंकलो असतो, तरी वरचं रान पडीकच राहिलं असतं.

आणि तात्यांना काय पाहिजे होतं हे पण त्याच दिवशी कळलं. त्यांना पाणी अडवायचंच नव्हतं (असं ते म्हणतात), त्यांचं म्हणणं मोटर जळाली की दुरुस्ती दरवेळी त्यांनी केली, २००८ ला गाळ काढला त्याचे पैसे आम्ही दिले नाहीत. जे खरं आहे. आम्ही दिले नव्हते. हे मी इथे लिहितोय पण घरी बोलू नका.

मग तिसऱ्या-चौथ्या बैठकीत पाळी ठरवायला बसलो. बाईंनी लिहिलं, सकाळी सहा ते दुपारी दोन अपीलकर्ते, दुपारी दोन ते रात्री दहा आम्ही. छान, समसमान. तात्यांनी कागद हातात घेतला, चष्मा वर केला आणि म्हणाले, "मॅडम, लाईट काय कोर्टाच्या टायमानं येती व्हय?" आणि अण्णा हसले. तेरा वर्षांत तात्यांच्या बोलण्यावर अण्णा पहिल्यांदा हसले. शेतीपंपाची थ्री फेज लाईट तेव्हा एका आठवड्यात दिवसा तर दुसऱ्यात रात्री अशी फिरायची, त्यात घड्याळाची पाळी लावली की एकाला पाणी आणि दुसऱ्याला अंधार. बाई शहरातल्या, त्यांना हे माहीत नव्हतं, पण त्यांनी मान्य केलं आणि पेन तात्यांच्या हातात दिला, हे मला आवडलं. शेवटी ठरलं चार दिवस आम्ही, चार दिवस ते, त्या दिवसात लाईट कधीही येवो. मग पोटप्रश्न. डीपी (ट्रान्सफॉर्मर) जळाली आणि चार दिवस लाईटच नाही तर? यावर एक तास. ठरलं की भरपाई नाही, ज्याची पाळी त्याचं नशीब. मोटर दुरुस्ती निम्मी निम्मी, गाळ दर उन्हाळ्यात बघायचा, खर्च निम्मा. बिल मीटर ज्याच्या नावावर त्याने भरायचं आणि दुसऱ्याने पंधरा दिवसात निम्मे द्यायचे. २००८ च्या गाळाचे पैसे अण्णांनी तिथेच द्यायचं कबूल केलं, आकडा सांगत नाही. आणि तात्यांनी त्यांच्या दुसऱ्या गटाच्या पूर्वेच्या बांधालगत दहा फुटी वाट द्यायची, कायमची, वारसांसकट.

२०१९ ला विहिरीवर हाणामारी झाली होती, दोन्हीकडून केसेस, भादंविची कलमं ३२३, ५०४, ५०६, म्हणजे मारहाण, शिवीगाळ, धमकी. त्या पण मागे घ्यायचं ठरलं, पण ते त्या फौजदारी कोर्टात वेगळं जाऊन करावं लागतं, इथल्या कागदावर लिहिलं म्हणून तिथली केस संपत नाही. बाईंनी हे स्पष्ट सांगितलं, म्हणून तारीख घेऊन ते लगेच उरकलं.

इथपर्यंत पाच स्टार. आता कागद.

तडजोड पुरसीस, म्हणजे काय ठरलं ते कोर्टाला लिहून द्यायचा कागद, दोन्ही वकिलांनी मिळून तयार केली. सगळ्या पक्षकारांच्या सह्या लागतात, एकही सुटून चालत नाही. आमच्या वारलेल्या चुलतभावाचा मुलगा तेव्हा १५ वर्षांचा, म्हणजे अज्ञान, त्याच्यातर्फे त्याची आई, आमच्या वहिनी, अपाक (अज्ञान पालनकर्ता). तर अज्ञानाच्या वतीने तडजोड करायला कोर्टाची वेगळी परवानगी लागते, त्याच्या हिताचं आहे असा अर्ज द्यावा लागतो. हे शेवटच्या दिवशी लक्षात आलं आणि एक तारीख वाढली. तुमच्यात कुणी १८ च्या खालचं असेल तर पहिल्याच बैठकीला वकिलाला विचारा.

मग जजसाहेबांसमोर सगळे उभे. त्यांनी एकेका माणसाला विचारलं, मजकूर वाचलाय का, समजलाय का, राजीखुशीने करताय का, कुणाचा दबाव आहे का. वहिनींना दोनदा विचारलं. मग त्याप्रमाणे हुकूमनामा, आणि त्यात आम्ही आग्रहाने घालून घेतलेली एक ओळ अशी की खालच्या कोर्टाचा २०१७ चा हुकूमनामा यापुढे या तडजोडीप्रमाणे बदललेला समजावा, नाहीतर उद्या दोन हुकूमनामे घेऊन दोघे उभे. गळाभेट वगैरे काही झाली नाही, ज्याला ते बघायचंय त्याने सिरीयल बघावी. दोघं वेगवेगळ्या एसटीने घरी गेले.

अपील त्यांचं होतं म्हणून फी परत मागायचा हक्क त्यांचा, मनाईच्या दाव्याला फी तशी किरकोळच असते, पण ज्यांचा पैशाचा मोठा दावा आहे त्यांनी ऑर्डरमध्येच रिफंडचं लिहून घ्यावं, नंतर अर्ज करत बसू नये.

आणि आता तो कापलेला स्टार. हुकूमनाम्याची नक्कल घेऊन अण्णा तलाठ्याकडे गेले, वाटेची नोंद तात्यांच्या त्या गटाच्या सातबाऱ्यावर इतर हक्कात लावा म्हणून. तलाठ्याने नक्कल वाचली, परत वाचली, आणि म्हणाला काका, हा गट तुमच्या दाव्यात कुठे आहे? दाव्यात विहिरीचा गट आहे. वाटेचा गट दाव्यात नाहीच.

आम्हाला आमच्या वकीलसाहेबांनी छातीठोक सांगितलं होतं की कोर्टाची डिक्री आहे, नोंदणी लागत नाही. हे अर्धंच खरं निघालं. दाव्यात जी मिळकत आहे तिच्यापुरती तडजोडीच्या डिक्रीला नोंदणीतून सूट आहे. पण दाव्याच्या बाहेरची स्थावर मिळकत तडजोडीत आणली, आणणं कायद्याने चालतं, १९७६ च्या दुरुस्तीपासून चालतं, पक्षकार तेच असले म्हणजे झालं, तर तिच्यासाठी मात्र नोंदणी करावी लागते. आणि जाण्या-येण्याचा हक्क हा पण नोंदणी कायद्यात स्थावरच धरतात. म्हणजे ज्या एका कलमासाठी आम्ही जिंकलेला दावा मिटवला नेमकं तेच कलम कच्चं राहिलं.

वर अजून एक. हुकूमनाम्याची नक्कल नोंदणीला द्यायची तर चार महिन्यांच्या आत द्यायची असते. आमचे तोपर्यंत साडेतीन महिने होऊन गेलेले, कारण नक्कल मिळायला वेळ, मग पेरणी, मग अण्णांचं मोतीबिंदू. शेवटचे पंधरा दिवस मी पुण्याहून तीन वेळा गेलो. दुय्यम निबंधकांकडे एकदा मूल्यांकनासाठी परत पाठवलं, एकदा सर्व्हर डाऊन. झालं एकदाचं, मुदतीच्या सहा दिवस आधी. स्टॅम्प ड्युटी आणि नोंदणी फी मिळून जो खर्च झाला तो निम्मा तात्यांनी द्यावा असं अण्णांचं म्हणणं आणि कागदात तसं लिहिलेलं नाही असं तात्यांचं म्हणणं, आणि तात्यांचं बरोबर आहे, लिहिलेलं नाही. सगळा आम्ही भरला.

वकीलसाहेबांना फोन केला तर म्हणाले तलाठी उगाच अडवतो. नंतर म्हणाले हो बरोबर आहे तसं ते. असो.

केंद्राचा यात दोष किती? बाईंनी मसुदा बघितला होता, त्या पण वकील, एक ओळ बोलल्या असत्या तर बरं झालं असतं असं मला वाटतं. पण त्यांचं काम जमवून देण्याचं, प्रत्येकाचा कायदेशीर फायदा बघणं ज्याच्या त्याच्या वकिलाचं. म्हणून एकच स्टार, जास्त नाही.

ज्यांना जायचंय त्यांच्यासाठी एवढं की तडजोडीच्या हुकूमनाम्यावर अपील नाही. बेकायदेशीर होती, फसवून सही घेतली म्हणून वेगळा दावाही लावता येत नाही, ज्या कोर्टाने तो दिला त्याच कोर्टात जाऊन सांगावं लागतं. सही करायच्या आदल्या रात्री घरी सगळ्यांना बसवून मोठ्याने वाचून काढा, आम्ही वाचला होता पण आम्ही पाळीचीच पानं वाचत बसलो, वाटेचं कलम चार ओळींचं, 'बांधालगत दहा फुटी वाट' एवढंच, बघून पुढे गेलो. फूट बांध धरून का बांध सोडून, तेही त्यात नव्हतं. ते मोजणीच्या दिवशी तोंडी मिटलं, तात्यांनी बांध सोडून दिले, मनाने दिले, हे लिहायला पाहिजे.

समोरच्याने पाळलं नाही तर दरखास्त, म्हणजे हुकूमनाम्याची अंमलबजावणी करून द्या असा अर्ज, टाकता येते, परत पहिल्यापासून दावा नाही. आम्हाला अजून गरज पडली नाही. दोनदा पडते की काय असं वाटलं, दोन्ही वेळा बिलाच्या पंधरा दिवसांवरून.

सगळ्यांसाठी हे आहे असं मी म्हणणार नाही. आमच्या शेजारच्याचं अपील पण याच केंद्रात आलं होतं, समोरची पार्टी प्रत्येक बैठकीला 'विचार करून सांगतो' म्हणत राहिली, नव्वद दिवस गेले आणि जिथून निघाले तिथेच परत. ज्याला वेळच काढायचाय त्याला हे अजून एक निमित्त. आणि खोटं मृत्युपत्र, खोटी सही असल्या मॅटरमध्ये निम्मं निम्मं कशाचं करणार, तिथे निकालच पाहिजे. पण ज्याच्याशी उद्या पण बांधाला बांध लावूनच राहायचंय त्याच्याशी भांडण असेल तर अपिलाच्या पुढच्या तारखेला आपणहून वकिलाला सांगा की मध्यस्थीचा अर्ज द्या, जजनी विचारायची वाट बघू नका. आम्ही सात वर्षं वाट बघितली.

हुकूमनाम्याच्या नकला एकदम चार मागा, एक नाही. एक तलाठ्याकडे राहते, एक नोंदणीत जाते, एक घरी. आमची चौथी तात्यांनी मागून नेली, आणि पाळीचं पान तेवढं झेरॉक्स करून लॅमिनेट करून स्टार्टरच्या पेटीच्या दाराला आतून चिकटवलंय, तारखांसकट, पुढच्या मार्चपर्यंत. पेटीला कुलूप अजून आहे, चोरांमुळे. चावी दोन.